निकाल चुकला, की पटला नाही?

वाचकाचं पत्र

स.न.वि.वि. साहेब,

मी राज्य शासनाच्या एका कार्यालयातून वरिष्ठ लिपिक म्हणून निवृत्त झालो. २००३ ते २०११ सुरगाण्याला होतो. तिथे आदिवासी क्षेत्राची एकस्तर वेतनश्रेणी, म्हणजे वरच्या टप्प्याचं वेतन, मिळाली. २०११ मध्ये नाशिकला बदली झाली, पण पगार तोच पुढे चालू राहिला. मी काही मागितलं नव्हतं, कुणी काही विचारलंही नाही. पेन्शनचे कागद तयार होताना वेतन पडताळणी पथकाने सेवापुस्तकात आक्षेप लिहिला. मग ऑफिसने २०११ पासूनचा एकस्तर काढून टाकला आणि २,८६,४०० रुपये उपदानातून (ग्रॅच्युइटीतून) कापले. मी मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, गेलो. मॅटने वसुली रद्द केली, तीन महिन्यांत पैसे परत करा म्हणून आदेश दिला. पण खाली आणलेला पगार तसाच ठेवला, म्हणजे पेन्शन कमीच. शिवाय निकालाच्या शेवटी रक्कम २,६८,४०० अशी छापली आहे. नक्कल हातात येऊन सात आठवडे झाले. शेजारचे वकील म्हणतात, रिव्ह्यू टाका. आमचे जुने हेडक्लार्क म्हणतात, मॅटनंतर थेट सुप्रीम कोर्ट. ऑफिसात गेलो तर ऐकवलं, "आम्ही हायकोर्टात चाललोय, तोवर पैसे विसरा." सुरगाण्याच्या दोन सोबत्यांचीही अशीच कपात झाली, ते कोर्टात गेले नाहीत. त्यांना आता काही मिळेल का? ३० जून २०२३ ला भर पावसात निरोप समारंभ झाला, तेव्हापासून हेच चालू आहे.

– एक वाचक, सिडको, नाशिक

उत्तर

नमस्कार.

वकिली सुरू करण्याआधी मी लेखा शाखेत वीस वर्षं काढली. 'जादा प्रदान रक्कम वसूल करण्यात यावी' हे वाक्य माझ्या हातानं किती सेवापुस्तकांत लिहिलं गेलं, त्याचा हिशेब माझ्याकडे नाही. लिहिताना समोर आकडा असायचा, माणूस नसायचा. म्हणून अशी पत्रं आली की मी ती दोनदा वाचतो.

तुम्हाला तिघांनी तीन दारं दाखवली आहेत. मला विचाराल तर त्याआधी स्वतःला एक प्रश्न विचारा: निकालातली कोणती गोष्ट चुकली आहे आणि कोणती पटलेली नाही? तुमच्या निकालात दोन्ही आहेत, आणि दोन्हींसाठी जायचं ठिकाण वेगळं आहे.

चुकलेली गोष्ट अगदी स्पष्ट आहे. २,८६,४०० च्या जागी २,६८,४०० छापलं गेलं. टंकताना दोन आकड्यांची अदलाबदल झाली आणि तुमचे १८,००० रुपये गेले. यात युक्तिवाद करण्यासारखं काही नाही. वसुलीचा आदेश आणि निकालाचं शेवटचं पान शेजारी ठेवलं की चूक दिसते. पण यासाठीसुद्धा पुनर्विलोकनाचा, म्हणजे रिव्ह्यूचा, अर्ज करायची गरज नाही. मुंबईच्या न्यायालयांत यासाठी जुनी आणि सोयीची पद्धत आहे, तिला 'स्पीकिंग टू मिनिट्स' म्हणतात. तुमच्या मॅटच्या वकिलांना सांगा. ते त्याच न्यायपीठापुढे प्रकरण काढून ही लेखनचूक दुरुस्त करून घेतील. लेखनातल्या चुकीला रिव्ह्यूची तीस दिवसांची मुदत आडवी येत नाही, पण उशीर मात्र करू नका. पैसे देताना कार्यालय छापलेल्या आकड्यावरच बोट ठेवणार आणि 'आदेशात एवढंच आहे' म्हणणार. मी त्या टेबलावर बसत होतो तेव्हा मीही तेच म्हटलं असतं.

आता न पटलेली गोष्ट: एकस्तर काढून पगार खाली आणला आणि मॅटनं ते योग्य ठरवलं. शेजारचे वकील यावर रिव्ह्यू टाका म्हणतात. त्यांचा हेतू चांगला असेल, पण सल्ला मला मान्य नाही.

पुनर्विलोकन म्हणजे ज्यांनी निकाल दिला त्यांनाच 'एकदा परत बघा' म्हणणं. मॅटला हा अधिकार १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियमाच्या कलम २२ नं दिला आहे, आणि दिवाणी न्यायालयाला जेवढा आहे तेवढाच दिला आहे. त्याची कारणं मोजकी. पहिलं, बरीच धडपड करूनही आधी हाती न लागलेला महत्त्वाचा कागद आता मिळाला. दुसरं, निकालाच्या तोंडावरच दिसणारी चूक. तिसरं, याच तोलामोलाचं आणखी एखादं कारण. यातली 'तोंडावर दिसणारी चूक' लोकांना फार मोहात पाडते. ती बोट ठेवून दाखवता आली पाहिजे. समजावून सांगायला पाच पानं लागली, तर ती तोंडावरची चूक राहत नाही, तो वाद होतो. मॅटनं तुमचा मुद्दा ऐकला, शासन निर्णय वाचला आणि तुमच्या विरुद्ध मत दिलं. ते मत चुकीचं असू शकेल, तरी ते पुनर्विलोकनात बदलत नाही. नव्या वकिलाला नवा मुद्दा सुचला, हेही कारण चालत नाही.

शिवाय मुदत तीस दिवसांची, नक्कल मिळाल्यापासून. तुमचे सात आठवडे झाले. एकदा रिव्ह्यू फेटाळला की दुसऱ्यांदा मागता येत नाही. आणि जिथे अपिलाचा रस्ता आहे तिथे आधी वर गेलात तर खालच्या रिव्ह्यूचं दार लागतं. हा क्रम अनेकांना माहीत नसतो. मग ते दोन्हीकडे अर्ज टाकतात आणि दोन्हीकडे प्रश्नांना उत्तरं देत बसतात. मुदत उलटली म्हणून वाईट वाटून घेऊ नका. ते दार तुमच्या उपयोगाचं नव्हतंच.

तुमच्या हेडक्लार्कांना मात्र हसू नका. त्यांच्या काळात ते बरोबर होते. मॅट जुलै १९९१ मध्ये सुरू झालं तेव्हा कायद्यानं उच्च न्यायालयाला बाजूला ठेवलं होतं. मॅटविरुद्ध जायचं तर थेट दिल्ली. सुरगाण्याच्या लिपिकानं तीन-चार हजारांच्या वेतनवाढीसाठी दिल्लीत वकील लावायचा! व्यवहारात याचा अर्थ मॅटचाच निकाल शेवटचा, असा होता. मार्च १९९७ मध्ये एल. चंद्रकुमार विरुद्ध भारत सरकार या प्रकरणात सात न्यायमूर्तींच्या घटनापीठानं ते बदललं. उच्च न्यायालयांचा अनुच्छेद २२६ आणि २२७ खालचा अधिकार हा घटनेच्या मूलभूत चौकटीचा भाग आहे, तो कायदा करून काढता येत नाही. न्यायाधिकरणाचा निकाल आधी उच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींच्या खंडपीठापुढे तपासला जाईल, असं त्यांनी ठरवलं. तेव्हापासून सगळे त्याच वाटेनं जातात, कर्मचारीही आणि शासनही.

आपण सगळे बोलताना 'वर अपील केलं' म्हणतो. पण मॅटच्या निकालावर उच्च न्यायालयात जे होतं ते अपील नव्हे, रिट याचिका. हा शब्दांचा खेळ नाही. अपिलात वरचं न्यायालय पुरावा पुन्हा तोलतं आणि स्वतःचं मत खालच्याच्या जागी ठेवू शकतं. रिटमध्ये ते एवढंच पाहतं की मॅटनं अधिकाराबाहेर काही केलं का, कायदा किंवा बंधनकारक निकाल डावलला का, एखादी बाजू ऐकलीच नाही का, कुठल्याही शहाण्या माणसानं काढला नसता असा निष्कर्ष काढला का. 'मला वेगळं वाटलं असतं' एवढ्यावर ते हात घालत नाही. वेतनश्रेणी किती असावी, हे पद त्या पदाच्या बरोबरीचं का, अशा प्रश्नांत तर न्यायालयं आणखी मागे राहतात. ते वेतन आयोगाचं, आपल्याकडे बक्षी समितीसारख्या तज्ज्ञ समितीचं काम मानतात.

तुमच्यासाठी यात एक चांगली बातमी आहे आणि एक कडू.

आधी कडू. एकस्तर ज्या शासन निर्णयानं मिळतो तो ६ ऑगस्ट २००२ चा. त्याचा गाभा असा की आदिवासी किंवा नक्षलग्रस्त क्षेत्रात काम करत असेपर्यंत वरच्या टप्प्याचं वेतन, बाहेर आलात की मूळ वेतनावर. नाशिक शहरात आल्यावर तो तुमचा हक्क उरला नव्हता, हे मॅटचं म्हणणं मला बरोबर वाटतं. याच मुद्द्यावर रिट करून वकिलाची फी आणि पंचवटी एक्सप्रेसच्या फेऱ्या पदरात पाडून घेऊ नका.

एक गोष्ट मात्र नक्की तपासा. एकस्तर काढताना तुम्हाला कोणत्या आकड्यावर आणून ठेवलं? बरोबर पद्धत अशी की २००३ पासून एकस्तर मिळालाच नाही असं धरून मूळ श्रेणीत दरवर्षीची वेतनवाढ, मधल्या काळात लागू झालेला आश्वासित प्रगती योजनेचा (बढती न मिळालेल्याला ठरावीक सेवेनंतर वरची श्रेणी) लाभ, सहाव्या वेतन आयोगाची वेतननिश्चिती, हे सगळं कागदावर पुन्हा चालवत यायचं, २०११ मध्ये जिथे पोचाल तिथे उतरवायचं आणि तिथून सातव्या आयोगाची निश्चिती करत पुढे यायचं. घाईत असलेलं टेबल मधली एखादी पायरी गाळतं. ही पुढची निश्चिती चुकली असेल तर तिचा वाद वेगळा. सेवापुस्तकाची प्रत मागवा आणि वर्षवार तक्ता स्वतः मांडा, तुम्ही लिपिक होतात, तुम्हाला जमेल. फरक निघाला तर तक्ता जोडून निवेदन द्या. मॅटमध्ये जायची मुदत अंतिम आदेशापासून एक वर्ष. निवेदनाला उत्तर आलं नाही तर सहा महिने थांबून पुढे एक वर्ष. चुकीच्या वेतननिश्चितीमुळे दरमहा कमी रक्कम मिळत असेल तर दर महिन्याला दाव्याचं कारण नव्यानं उभं राहतं, असं सर्वोच्च न्यायालयानं १९९५ मध्ये एम. आर. गुप्ता यांच्या प्रकरणात म्हटलं आहे. पण २००८ च्या तरसेम सिंग निकालामुळे मागची थकबाकी साधारण तीन वर्षांचीच मिळते. म्हणजे वाट पाहण्यात दर महिना तुमचाच जातो.

आता चांगली बातमी. जे तुम्ही जिंकलात, ते पक्क्या जमिनीवर आहे. पंजाब राज्य विरुद्ध रफिक मसीह या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं डिसेंबर २०१४ मध्ये सांगितलं की जादा दिलेला पगार काही परिस्थितींत परत घेता येत नाही: कर्मचारी वर्ग तीन किंवा चारचा असेल, तो निवृत्त झाला असेल किंवा वर्षभरात होणार असेल, वसुलीच्या आदेशाआधी पाच वर्षांहून जास्त काळ जादा रक्कम दिली गेली असेल, वरच्या पदाचं काम करून घेऊन त्या पदाचा पगार दिला असेल, किंवा वसुली उघडच अन्यायाची होईल. यातल्या पहिल्या तिन्ही खणांत तुम्ही बसता. कर्मचाऱ्यानं फसवणूक किंवा खोटी माहिती दिलेली नसावी, ही अट आहेच. तुमच्याकडून तसं काही झालेलं दिसत नाही.

मग शासन हायकोर्टात काय म्हणेल? एकच गोष्ट: हमीपत्र. 'जादा प्रदान आढळल्यास परत करीन' असा कागद वेतन आयोग लागू होताना सगळ्यांकडून सही करून घेतात. तुम्हीही केला असणार, न वाचता. मीही केला होता. २०१६ च्या जगदेव सिंग निकालात सर्वोच्च न्यायालयानं अशा हमीवर बोट ठेवून वसुली कायम केली. पण तो अधिकारी न्यायिक सेवेतला होता, वर्ग तीनचा लिपिक नव्हता, आणि हमी त्याच सुधारित वेतनश्रेणीपुरती होती. तुमचं हमीपत्र कशासाठी होतं ते शोधा. सातव्या वेतन आयोगाच्या निश्चितीसाठी दिलेल्या कागदाचा २०११ च्या बदलीनंतर न काढलेल्या एकस्तराशी काय संबंध, हा प्रश्न तुमच्या वकिलांनी उत्तरातल्या शपथपत्रात आधीच विचारून ठेवायला हवा. सेवापुस्तकाच्या प्रतीबरोबर हमीपत्राचीही प्रत मागा. नाहीच सापडली, तर ते आणखी चांगलं.

'तोवर पैसे विसरा' हे मात्र साफ चुकीचं. याचिका दाखल करणं म्हणजे स्थगिती नव्हे. हायकोर्टानं स्थगिती दिली तरच मॅटचा आदेश थांबतो. कार्यालयात 'प्रकरण विधी व न्याय विभागाकडे अभिप्रायासाठी गेलं आहे' हे वाक्य ढालीसारखं वापरतात. फाइल फिरत राहते, दिवस जातात. शासकीय फाइल हळू चालते एवढ्या कारणानं उशीर माफ होणार नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं २०१२ मध्ये पोस्टमास्तर जनरल विरुद्ध लिव्हिंग मीडिया प्रकरणात सुनावलं, पण जिल्ह्याच्या टेबलापर्यंत ते अजून पोचायचं आहे. तुम्ही तोंडी बोलणं बंद करा. निकालाची प्रत जोडून आहरण व संवितरण अधिकाऱ्याला (कार्यालयाची देयकं काढणाऱ्या अधिकाऱ्याला) पत्र द्या, आवक क्रमांकासह पोच घ्या. तीन महिन्यांतले अजून पाच-सहा आठवडे बाकी आहेत, तेवढे थांबा. त्यानंतर एक स्मरणपत्र, आणि मग मॅटमध्येच अवमान अर्ज. तो एक वर्षाच्या आत करायचा असतो. बऱ्याचदा अवमानाची नोटीस निघाली की महिनोन्महिने न सापडणारं देयक दोन दिवसांत कोषागारात जातं. मधल्या काळात हायकोर्टात कॅव्हेट टाकून ठेवा. तुम्हाला न कळवता एकतर्फी स्थगिती मिळू नये म्हणून ते. नव्वद दिवस चालतं, नंतर पुन्हा द्यावं लागतं. स्थगिती मिळालीच तर रक्कम न्यायालयात जमा करण्याची अट घालावी, अशी मागणी करायला वकिलांना सांगा.

हायकोर्टासाठी आपल्याला मुंबईच. शेजारचे धुळे-जळगावचे लोक छत्रपती संभाजीनगरच्या खंडपीठात जातात, कोल्हापूरकरांना ऑगस्ट २०२५ मध्ये सर्किट बेंच मिळालं. नाशिक मुख्य पीठाखालीच आहे. पण प्रत्येक तारखेला पहाटे नाशिकरोड गाठायची गरज नाही. तुम्ही प्रतिवादी असाल, वकीलपत्र आणि शपथपत्र झालं की तारखा न्यायालयाच्या संकेतस्थळावर दिसतात. त्यापुढे सर्वोच्च न्यायालय: नव्वद दिवसांत विशेष अनुमती याचिका. तिथे तर आत येऊ द्यायचं की नाही हेच आधी ठरतं. तुमच्या रकमेसाठी शासन तिथवर जाईल असं मला वाटत नाही, पण शासनाच्या बाबतीत मी पैज लावत नाही.

तुमच्या दोन सोबत्यांचं. त्यांनी आधी तुमचा निकाल जोडून, 'आमचीही हीच स्थिती' असं लेखी मागावं. समान स्थितीतल्या कर्मचाऱ्यांना निकालाचा लाभ द्यावा, प्रत्येकाला कोर्टात ढकलू नये, हे अरविंद कुमार श्रीवास्तव प्रकरणात म्हटलं गेलं आहे. पण त्याच निकालात कुंपणावर बसून दुसऱ्याच्या निकालाची वाट पाहणाऱ्यांना हा लाभ नाही, असंही म्हटलं आहे. कपात होऊन किती काळ गेला, यावर त्यांचं बरंच अवलंबून आहे. त्यातला एखादा जिल्हा परिषदेचा असेल तर त्याला मॅट नाहीच, त्याला थेट हायकोर्टात रिट करावी लागते. एसटी, महापालिका, नोट प्रेसच्या कामगारांचे रस्ते तर आणखी वेगळे, ते पुन्हा कधीतरी.

एक राहिलं. तुम्ही निरोप समारंभाच्या पावसासोबत तारीख लिहून गेलात: ३० जून २०२३. सहाव्या आयोगापासून वेतनवाढीची तारीख १ जुलै. वर्षभर काम केलं, आणि वाढ मिळायच्या आदल्या दिवशी निवृत्त झालात. अशा कर्मचाऱ्याला ती वेतनवाढ नाकारता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं ११ एप्रिल २०२३ रोजी कर्नाटकातल्या वीज कर्मचाऱ्यांच्या प्रकरणात ठरवलं, आणि आपल्या वित्त विभागानं तुमच्या निवृत्तीच्याच महिन्यात ३० जूनला निवृत्त होणाऱ्यांसाठी शासन निर्णय काढला. तुमची वेतनवाढ १ जुलैची असेल, तर पेन्शन ठरवताना ती काल्पनिक (पगारात न देता फक्त हिशेबासाठी धरायची) वाढ धरली आहे का, ते पेन्शनच्या आदेशात पाहा. एकस्तराच्या गोंधळात ती राहून गेली असण्याची शक्यता मला बरीच वाटते. राहिली असेल तर एका पानाचा अर्ज पुरेल, आणि त्यासाठी मुंबईची गाडी पकडायची गरज नाही.